एक्केचाळीस बिननावाची रिळं

२ फेब्रुवारी, सोमवार

आज काम संपलं. एक्केचाळीस रिळं, एक्केचाळीस नवे डबे. ज्यांच्या हाताखाली मी काम शिकते ते जोडकाका डोळ्याच्या ऑपरेशनसाठी गुरुवारपासून रजेवर आहेत, त्यामुळे संग्रहालयाच्या तळघरात मी एकटीच. शुक्रवार, शनिवार आणि आज, असं तीन दिवसांत सगळं हातावेगळं केलं. जुने पत्र्याचे डबे इतके गंजले होते की उघडताना विटकरी भुगा टेबलभर पडायचा. काही झाकणं तर स्क्रूड्रायव्हरने उचकटावी लागली. आतली रिळं मात्र बहुतेक शाबूत निघाली. प्रत्येक रीळ कडांनी उचलून (बोट चित्राला लागता कामा नये, हे काकांनी पहिल्याच आठवड्यात माझ्याकडून घोटून घेतलं होतं) नव्या पांढऱ्या डब्यात ठेवलं आणि वर माझ्या उत्तमातल्या उत्तम अक्षरात क्रमांक घातला. जुन्या डब्यांवरच्या चिठ्ठ्या कुठे गळून गेल्या होत्या, कुठे गंजाने खाल्ल्या होत्या. एकही धड वाचता आली नाही.

दुपारी भंगारवाला येऊन जुने डबे घेऊन गेला आणि तळघर एकदम ऐसपैस वाटायला लागलं. संचालक बाई जिन्यावरून डोकावल्या आणि "वा" म्हणाल्या. बाई सहसा वा म्हणत नाहीत.

घरी आईने नेहमीप्रमाणे दारातच अडवलं. खराब होऊ लागलेल्या फिल्मला व्हिनेगरसारखा आंबट वास येतो आणि तो कपड्यांत बसतो. माझे कपडे बाहेरच्या दोरीवर. बाबा बस चालवतात. ते म्हणाले, इतकी वर्षं या घरात डिझेल नांदत होतं, आता त्याला सोबत मिळाली. आत्याची तीस वर्षं बाटल्यांच्या कारखान्यात गेली, त्यामुळे वासाबद्दल तिची तक्रार नसते. तक्रार एवढीच, की घरातली पहिली पदवीधर मुलगी तळघरात का बसते.

मला वाटतं, एखाद्या शहराने स्वतःला कधीकाळी आरशात पाहिलेलं असतं, ते या डब्यांमध्ये आहे. हे वाक्य आत्यासमोर बोलायची माझी हिंमत नाही, म्हणून इथे लिहिते.

५ फेब्रुवारी, गुरुवार

आज लिहायला हात उठत नाही.

काका काळा चष्मा लावून आले. फिल्मचे तुटलेले तुकडे जोडण्यात त्यांची सगळी नोकरी गेली, म्हणून ते जोडकाका. मी त्यांना मांडणी दाखवली, एखादं प्रदर्शन भरवल्यासारखी. त्यांनी चष्मा काढला, पुन्हा लावला, आणि विचारलं, "जुने डबे कुठे ठेवलेस?"

मी सांगितलं. ते स्टुलावर बसले.

मग जे कळलं ते असं. ही रिळं बातम्यांच्या चित्रपटांची. पूर्वी थिएटरात मुख्य चित्रपटाच्या आधी दाखवायचे ती. कॅमेरामन रीळ डब्यात घालताना झाकणाच्या आतल्या बाजूला पेन्सिलने लिहायचे: तारीख, जागा, काय चाललं आहे, चित्रात कोण आहे. शाई ओलीने पसरते, चिठ्ठ्या गळतात, पण झाकणाच्या आतली पेन्सिल पन्नास वर्षं टिकते. नोंदवही तर कार्यालय हलवताना कधीच हरवली. म्हणजे त्या रिळांची नावं साऱ्या जगात एकाच जागी लिहिलेली होती. मी एक्केचाळीस वेळा झाकण उचकटलं आणि एकदाही ते उलटं करून पाहिलं नाही.

मी भंगारवाल्याकडे धावत गेले. त्याने मला दाबयंत्रातून निघालेला पत्र्याचा ठोकळा दाखवला. त्यात आमचे डबे होते की कुणाचे तेलाचे, हे त्यालाही सांगता येईना.

काका म्हणाले, "आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं. बघून बघून शिकलो. म्हणून तुला सांगायचं सुचलंच नाही. अर्धी चूक माझी."

अर्धी कशी? सगळी माझी. बाईंना आत्ताच जाऊन सांगते म्हणून मी उठले, तर काकांनी थांबवलं. बाईंशी मी बोलतो, त्यांच्याशी कसं बोलायचं ते मला माहीत आहे, तू आज घरी जा, म्हणाले. मी गेले. यातला भ्याडपणा मला कळतो.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

बाईंनी बोलावलं तेव्हा मी राजीनाम्याचं वाक्य पाठ करून गेले होते. त्यांनी ते ऐकून घेतलंच नाही. मला सगळं कळलं आहे, आता नावं कशी परत मिळतील ते बघ, एवढंच म्हणाल्या. एवढा मोठेपणा मी कुणा वरिष्ठाचा पाहिलेला नाही. काकांशी मात्र त्या दिवसभर तुटक बोलत होत्या. ऐन घाईच्या महिन्यात त्यांनी रजा घेतली याचा राग असावा. बिचाऱ्यांचा डोळा काय मुहूर्त बघून बिघडतो?

घाई का, तेही लिहून ठेवते. आमच्या तळघरात ओल आहे. नवं शीतगृह बांधून झालं आहे, पण तिथे जागा कमी. २७ तारखेला समिती येणार. ज्या रिळाला जागा, साल आणि विषय असेल तेच शीतगृहात जाणार. बाकीच्यांचं निर्लेखन. निर्लेखन म्हणजे यादीतून नाव काढायचं आणि रीळ नष्ट करायला पाठवायचं. जे नाव नाहीच ते यादीतून कसं काढणार, असं काकांनी विचारलं. हसावं की काय ते कळलं नाही.

माझ्याकडे तीन आठवडे आहेत.

११ फेब्रुवारी, बुधवार

डोळे चुरचुरतात. फिल्म आकसलेली असल्याने यंत्रावर चढवली तर फाटेल, म्हणून खालून प्रकाश असलेल्या टेबलावर हाताने हळूहळू फिरवायची आणि भिंगातून बघायची. फिल्मच्या अगदी कडेला, भोकांच्याही बाहेर, कंपनीने छापलेल्या बारीक खुणा असतात: चौकोन, वर्तुळ, त्रिकोण. त्यांच्या जोडीवरून ती कोरी फिल्म कुठल्या साली तयार झाली ते कळतं. काकांना सगळं कोष्टक पाठ आहे. ते एका डोळ्याने भिंग लावतात आणि म्हणतात, या वयात मी मुलींना एकच डोळा दाखवतो, दुसरा दाखवायची डॉक्टरांची परवानगी नाही.

सालं बरीच लागली. पण साल म्हणजे नाव नव्हे. क्रमांक ९ मध्ये लोक एका पुलावर उभे राहून पाणी बघत आहेत. कुठला पूल? क्रमांक २२ मध्ये नळापाशी बायकांची रांग. कुठला नळ? दुकानांच्या पाट्यांवरून, इमारतींवरून आम्ही आतापर्यंत सात रिळं ओळखली. चौतीस राहिली.

काकांच्या निवृत्तीला दोन महिने उरले आहेत. त्यांचे निवृत्तिवेतनाचे कागद अडकले आहेत वाटतं, कारण दोनदा वरून बोलावणं आलं आणि दोन्ही वेळा ते लांब चेहऱ्याने परतले. विचारलं तर म्हणाले, "तुझं लक्ष त्रिकोणावर राहू दे."

१४ फेब्रुवारी, शनिवार

सापडलं! क्रमांक १७.

याची वाट सगळ्यांत जास्त बघत होती ती एक दिग्दर्शिका. ती बंद पडलेल्या बाटल्यांच्या कारखान्यावर माहितीपट करते आहे. कारखान्याच्या जागी आता गाड्यांचा तळ आहे, आणि आतलं एकही हलतं चित्र तिच्याकडे नाही. आमच्याकडे ते असणार असं काका तिला वर्षभर सांगत होते. आज टेबलावर मी फिल्म फिरवत होते आणि अचानक भिंगाखाली बाटल्या चालायला लागल्या. पट्ट्यावरून, दिव्यासमोरून, एकामागून एक. पांढरे एप्रन घातलेल्या बायका प्रत्येक बाटली उजेडात निरखतात, वाईट निघाली की बाजूला काढतात आणि हसतात.

निरोप मिळताच दिग्दर्शिका आली. आल्यापासून बोलत होती, टेबलाशी आल्यावर भिंगावरून डोळा काढेना. तिच्याच कॅमेऱ्याने आम्ही टेबलावरची कामचलाऊ नक्कल काढून घेतली. हसऱ्या बायकांनीच चित्रपट सुरू करायचा, असं ती म्हणाली. मी म्हटलं, यातली एखादी माझी आत्या असू शकेल. तिने मला जवळजवळ मिठीच मारली.

उद्या रविवार. आत्याला आश्चर्याचा धक्का देणार आहे.

१५ फेब्रुवारी, रविवार

आत्या विचित्र आहे. असं लिहू नये, पण आहे.

जेवणं झाल्यावर मी लॅपटॉप तिच्यासमोर ठेवला. तिने चष्मा पुसला, मांडी घातली, आणि पहिल्याच चित्राला म्हणाली, "हे एप्रन आमचे नव्हते." कॅमेरा येणार म्हणून सकाळी नवे वाटले आणि संध्याकाळी मोजून परत घेतले. हसायलाही सांगितलं होतं. दिव्यासमोर आठ तास बसलेली बाई हसते होय, तिच्या डोळ्यांतून पाणी येतं.

मग चित्रात दारातून एक माणूस बाटल्यांची पेटी घेऊन येतो, पट्ट्याशी ठेवतो, कॅमेऱ्याच्या पलीकडे कुणाकडे तरी वळून बघतो आणि जातो. सहा सेकंदांचा तुकडा. आत्या म्हणाली, हे परत लाव. लावलं. परत म्हणाली. तीन वेळा तेच. कशाला म्हणून विचारलं, तर म्हणाली यंत्राचा क्रमांक बघतेय. पण यंत्राचा क्रमांक त्या तुकड्यात दिसतच नाही, तो नंतर येतो. तिची नजर पूर्वीसारखी राहिली नाही. डॉक्टरांकडे न्यायला हवं.

मी उत्साहाच्या भरात तिला सांगायला लागले की अशी चित्रं कामगारांच्या इतिहासासाठी किती मोलाची असतात. ती उठलीच. "तू मला माझा कारखाना शिकवू नकोस," म्हणाली, आणि दोरीवरचे वाळलेले कपडे काढायला गेली. बराच वेळ घड्या घालत होती. माझ्या त्या आंबट वासाच्या सदऱ्याचीही घडी घातली.

मी शिकलेली असल्याचा हिला राग येतो का?

१६ फेब्रुवारी, सोमवार

सकाळी डबा हातात देताना आत्याने विचारलं, असली आणखी किती आहेत? मी खरं ते सांगितलं. झाकणं, भंगारवाला, समिती, सगळं. घरात पहिल्यांदाच सांगत होते. आईने तोंडावर हात ठेवला. बाबा बुटाची नाडी बांधता बांधता थांबले. मला वाटलं आत्या आता शिक्षणाचा उद्धार करणार. ती म्हणाली, "मग एकट्या मला काय विचारत बसलीस? मी बाटल्या सोडून काय बघितलंय? पुलाचं पूलवाल्यांना विचार, नळाचं नळावरच्यांना. सगळी म्हातारी मंडळी एका जागी बसव आणि दाखव. भांडतील, पण सांगतील."

मी वाटेतच दिग्दर्शिकेला फोन केला. तिची यंत्रणा, तिचा प्रोजेक्टर. बाईंनी वाचनालयाचं सभागृह मिळवलं. एक अट घातली: एकाने ओळखलं म्हणून कार्डावर लिहायचं नाही, तीन जण म्हणाले तरच. काकांना अट आवडली. ते म्हणाले, तीन म्हातारे एका गोष्टीवर सहमत झाले तर तो पुरावाच समजायचा.

२१ फेब्रुवारी, शनिवार

पाच दिवस फक्त नकला. काका फिरवतात, मी कॅमेरा धरते. क्रमांक १७ धरून आणखी पाच रिळं लागली, चार पाट्यांवरून. एकोणतीस राहिली.

निमंत्रणाचं काम घरच्यांनी परस्पर वाटून घेतलं. बाबांनी बस डेपोत, आईने बाजारात, आत्याने घरोघरी. तिने लोकांना काय सांगितलं कोण जाणे. शेजारच्या आजी मला विचारत होत्या की तिथे स्वतःला ओळखलं तर घरी न्यायला मिळतं का.

मला भीती वाटते की कुणी येणारच नाही.

२२ फेब्रुवारी, रविवार

साठ खुर्च्या मांडल्या होत्या. माणसं दीडशेच्या वर आली. पहिल्या रांगेत एक आजोबा ऑक्सिजनची लहान नळकांडी घेऊन बसले होते. दिवे पूर्ण मालवले नाहीत, लिहून घ्यायचं होतं म्हणून. मी उभी राहिले आणि सांगितलं की या चित्रांची नावं हरवली आहेत, ती आम्हाला तुमच्याकडून हवीत. कशी हरवली ते सांगायला तोंड उघडलं, तर काकांनी मागून प्रोजेक्टर सुरूच करून टाकला. चुकून सुरू झाला असावा.

पहिली पाच मिनिटं सगळे शाळेतल्यासारखे गप्प. मग पूल आला, क्रमांक ९. बाबांच्या गाडीवर पूर्वी असलेले बसवाहक उठून उभे राहिले. "थांबव, थांबव. हा जुना पूल. कठडा दगडी आहे."

मागून निवृत्त पोस्टमन म्हणाले, "तू पूल कधी बघितलास? तुझा जन्म तिकिटं फाडण्यात गेला."

"आणि तुझा दुसऱ्यांची पत्रं वाचण्यात."

"म्हणून तर तारीख सांगतो. पुराच्या दुसऱ्या दिवशी. पलीकडची टपाल थैली माझ्या डोक्यावरून आली होती. तो बघ, तो डोक्यावर थैली घेतलेला. अरे, तो मीच."

सभागृहात जो गलका झाला तो लिहून दाखवता येत नाही. त्यानंतर मला कुणाला बोलतं करावं लागलं नाही. नळाच्या रांगेचं रीळ एका बाईने माणसांवरून ओळखलं नाही, बादलीवरून ओळखलं: कडी तुटलेली आणि दोरीने बांधलेली, "ही आमचीच, म्हणजे तिच्यामागे उभी ती माझी आई," असं ती म्हणाली. तिच्या दोन बहिणी दोन टोकांना बसल्या होत्या, दोघींनी होकार दिला. तीन साक्षीदार. काका कार्डं लिहीत होते, मी माणसांमध्ये धावत होते. पाणीपुरवठ्याच्या एका फिटरने नुसत्या नळाच्या तोटीवरून वस्ती सांगितली. चुकलेही बरेच. एका शाळेच्या मैदानावरून दोन शेजारी इतके भांडले की दिग्दर्शिकेने त्यांना लांब लांब बसवलं.

मग क्रमांक १७. कारखान्यातल्या बायका एका बाजूला घोळका करून बसल्या होत्या. पडद्यावर एकेक चेहरा आला की नाव, टोपणनाव, पाळी, नवऱ्याची सवय, सगळं एका दमात. एप्रन परत घेतल्याचं एकीने सांगितलं आणि सगळ्या इतक्या हसल्या की पडद्यावरच्या हसण्यापेक्षा हे हसणं मोठं झालं. दिग्दर्शिकेने ते ध्वनिमुद्रित केलं.

पेटीवाला माणूस आला तेव्हा मात्र कुणी बोलेना. दुसऱ्या पाळीचा असेल, एक जण म्हणाली. मी काकांना 'अनोळखी' लिहायला सांगणार होते. शेवटच्या रांगेतून आत्याने नाव सांगितलं. नाव, वडिलांचं नाव, आडनाव. शांतपणे, रेशनच्या दुकानात सांगावं तसं. "भट्टी विभाग. दुसरी पाळी. डावखुरा होता."

"तुला गं कसं माहीत? भट्टीवाले आपल्याकडे फिरकत नव्हते," कुणीतरी विचारलं.

आत्या म्हणाली, "तपासनीस होते मी. कोण पेटी कशी धरतो हे बघायचंच काम होतं माझं."

आत्याच्या कामातल्या नजरेचा मला फार अभिमान वाटला, डोळ्यांबद्दल मी उगाच शंका घेतली. शेजारच्या आजींनी तिचा हात आपल्या हातात घेऊन ठेवला होता. सभागृहात गारठा होताच.

दुसरा साक्षीदार मिळाला नाही. तरी काकांनी ते नाव कार्डावर लिहिलं. नियमाची आठवण केली तर म्हणाले, लिहून झालं, पेन्सिलने लिहिलंय, आता पुसत नाही.

एका सकाळीत चोवीस रिळं. पाच राहिली.

२५ फेब्रुवारी, बुधवार

पोस्टमनकाकांनी काल आणि आज दोन आणखी सोडवली. तीन राहिली. मी आनंदात होते. मग समितीच्या फायलीची छायाप्रत काढायला बाईंनी माझ्याकडे दिली आणि तिच्यात मला काकांचं पत्र सापडलं.

"सदर डबे माझ्या सूचनेवरून टाकून देण्यात आले. नवीन सहायिकेस झाकणांबाबत कल्पना देण्यात आली नव्हती. सर्व जबाबदारी माझी आहे." खाली सही, तारीख ५ फेब्रुवारी.

ज्या दिवशी मी घरी गेले तो दिवस. म्हणजे बाईंचा मोठेपणा, काकांशी तुटक बोलणं, वरची बोलावणी. मी किती मठ्ठ असावं?

तळघरात जाऊन काकांना विचारलं. आवाज चढला माझा. ते फिल्मच्या एका तुटक्या टोकाला चिकटपट्टी लावत होते, ती लावून होईपर्यंत त्यांनी मान वर केली नाही. मग म्हणाले, "माझी फाईल इतकी जाड आहे, तीत एक कागद वाढला तर दिसणार नाही. तुझी अजून कोरी आहे. पहिल्याच पानावर हे कशाला?"

मी म्हटलं, काका, तुम्ही तेव्हा दवाखान्यात डोळ्याला पट्टी बांधून पडला होतात, सूचना कुठून दिलीत?

"फोनवरून दिली असेल."

"दिली नाहीत."

"तू फार खरं बोलतेस. नोकरीत त्रास होईल तुला."

मला रडू आलं, त्यांनी पुसायला फिल्म पुसायचं मऊ कापड दिलं आणि लगेच परत घेतलं, ते धुतलेलं होतं म्हणून. दुसरं दिलं.

२६ फेब्रुवारी, गुरुवार

घरी सांगितलं की उद्या समितीसमोर खरं बोलणार आहे आणि कदाचित नोकरी जाईल. पहिली पदवी, पहिली सरकारी नोकरी, घरात सगळ्यांनी माझ्यासाठी काय काय सोडलं ते मला माहीत आहे. आईने नुसतं किती वाजता जायचंय ते विचारलं. बाबा माझ्या चपला घेऊन बाहेर गेले. थोड्या वेळाने बघितलं तर त्यांच्या ड्रायव्हरच्या बुटांचं पॉलिश माझ्या चपलांच्या पट्ट्यांना लावत होते.

२७ फेब्रुवारी, शुक्रवार

समितीत तिघे होते. बोलत होते ते वरिष्ठ अधिकारी, बाकीचे दोघे माना हलवत होते. अडतीस कार्डं त्यांच्यासमोर गठ्ठ्याने. त्यांनी कार्डं चाळली आणि 'ओळख पटवणारे' या रकान्यावर बोट ठेवलं. बसवाहक, पोस्टमन, फिटर, गृहिणी, बाटली तपासनीस. बाईंकडे बघून म्हणाले, इथे तज्ज्ञ अपेक्षित होते. या लोकांची पात्रता काय?

बाई उत्तर देणार होत्या. मी उभी राहिले. 

"साहेब, पदवी माझ्याकडे आहे. आणि पदवी असलेल्या मीच जुने डबे झाकणांसकट भंगारात दिले. फायलीतलं काकांचं पत्र खरं नाही, डबे दिले त्या दिवशी ते दवाखान्यात होते. या लोकांकडे पदवी नाही. पण ही चित्रं काढली तेव्हा ते तिथे होते."

काका छताकडे बघत होते. अधिकाऱ्यांनी पत्र काढून वाचलं, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा कार्डांकडे वळले. प्रत्येक ओळखीला तीन साक्षीदार कुणी ठरवले, विचारलं. बाईंनी सांगितलं. मग ते एका कार्डाशी अडले. या माणसाला एकच साक्षीदार दिसतो.

"हो," मी म्हटलं. "पण रोज त्या दाराकडे बघणारी होती."

ते तोंडातून कसं निघालं कुणास ठाऊक. मला म्हणायचं होतं, रोज बाटल्यांकडे बघणारी. वाक्य बोलून गेल्यावर मी स्वतःच ते ऐकलं, आणि आत्याने परत परत लावायला लावलेला तो तुकडा, आजींनी धरलेला हात, सगळं एकदम डोळ्यांसमोर आलं. मी खाली बसले.

अधिकाऱ्यांनी कार्ड गठ्ठ्यात परत ठेवलं. वरच्याच बाजूला.

२८ फेब्रुवारी, शनिवार

निर्णय आला. अडतीस रिळं शीतगृहात. उरलेल्या तीन रिळांना वर्षअखेरपर्यंत मुदत, तोवर दर महिन्याला एक जाहीर दर्शन भरवायचं. काकांचं पत्र त्यांना परत मिळालं. मला लेखी ताकीद आणि कायम होण्याची मुदत सहा महिने पुढे. बाईंनी ताकीदपत्र स्वतःच्या हाताने दिलं आणि म्हणाल्या, आता तुझ्या फाईलचं पहिलं पान झालं. काकांना ते वाचायचं होतं, मी दिलं नाही.

आई म्हणाली, सहा महिने म्हणजे काही जन्म नाही. बाबांनी डेपोत सांगून टाकलं आहे की नोकरी टिकली.

आत्याला मी काहीच विचारलं नाही. ती भाजी निवडत होती, मी शेजारी बसून निवडायला घेतली. इतिहासाबद्दल अक्षर काढलं नाही. तिने माझ्याकडे दोनदा पाहिलं आणि माझ्यासमोरचा ढीग थोडा मोठा केला.

८ मार्च, रविवार

दिग्दर्शिका घरी आली होती. हसऱ्या बायकांनी चित्रपट सुरू करायचा विचार तिने सोडला नाही, पण आता त्या चित्रावर सभागृहातलं हसणं आणि एप्रनची गोष्ट येणार आहे. ती गोष्ट आत्याच्या आवाजात हवी होती. आत्याने बरेच आढेवेढे घेतले, माझा आवाज पत्र्यासारखा आहे वगैरे, आणि शेवटी कबूल झाली.

मग दिग्दर्शिकेने चहाचा कप बाजूला ठेवला आणि जरा चाचरत म्हणाली, "मावशी, तो पेटीवाला. सहा सेकंद फार थोडे होतात, लोकांना दिसायच्या आत तो निघून जातो. तो तुकडा मी हळू करणार आहे. बारा सेकंद होतील. चालेल ना?"

आई आतून बाहेर येता येता दारातच थांबली.

आत्याने ओट्यावरचं फडकं उचललं, घडी घातली, परत ठेवलं.

"हळू नको करू," ती म्हणाली. "तो भरभरच चालायचा."

दिग्दर्शिकेने माझ्याकडे पाहिलं. मी पिशवीतून क्रमांक १७ चं कार्ड काढलं, 'वापराबाबत सूचना' या रकान्यात आत्याचं वाक्य जसंच्या तसं लिहिलं आणि आत्यालाच वाचायला दिलं. तिने चष्मा लावून ते नीट तपासलं, आणि म्हणाली, बरोबर आहे.